दाजींनी कापलेलं वाक्य

माझे दाजी माहितीपट काढतात. धर्म आणि राजकारण हा त्यांचा विषय. त्याखालच्या गोष्टीला ते हात लावत नाहीत. मी त्यांच्याकडे ध्वनिमुद्रण करायचो, म्हणजे कानाला हेडफोन लावून त्यांचं ऐकत बसायचो.

पहिल्या माहितीपटात त्यांनी धर्मगुरूंची सालटी काढली. बक्षीस मिळालं, तेव्हापासून गळ्यात मफलर आला आणि बोलण्यात ‘भूमिका’. पुढे सत्ता बदलली. दाजींची भूमिकाही बदलली, मफलर तेवढा तोच राहिला. नव्या माहितीपटाला सत्तेतल्या पक्षाच्या संस्थेचा आधार होता.

“आतून अभ्यास करतोय,” त्यांनी ताईला सांगितलं.

“आत गेलात ते दिसतंय,” ताई म्हणाली. “बाहेर कधी येणार?”

एका प्रार्थनास्थळात तीस वर्षं झाडलोट करणाऱ्या म्हाताऱ्याची आम्ही मुलाखत घेतली. पक्षाने दारावर लावलेला झेंडा त्याने दोनदा उतरवून, नीट घडी करून परत पाठवला होता. कॅमेऱ्यासमोर तो म्हणाला, “आमचा देव पक्षाचाच आहे, असं कोण म्हणतं? उद्या माझा झाडूही पक्षाचा म्हणतील!”

संकलनाच्या खोलीत दाजींनी पहिले चार शब्द ठेवले. बाकीचे उडवले.

“दाजी, अर्थ उलटा होतोय.”

“अर्थ प्रेक्षक काढतो,” असं म्हणून त्यांनी चहा मागवला. मी तो मुकाट्याने प्यालो. माझीही लायकी तेवढीच.

पहिल्या खेळाला म्हातारा इस्त्रीचा शर्ट घालून, नातीचा हात धरून आला. पडद्यावर स्वतःला ऐकलं आणि खेळ संपून प्रश्नोत्तरं सुरू होताच ताडकन उभा राहिला.

“साहेब, माझं पुढचं बोलणं कुठंय?”

“बाबा, वेळेचं बंधन असतं,” दाजी व्यासपीठावरून म्हणाले. लोक हसले.

“उद्या तिथं झाडायला कोणत्या तोंडानं जाऊ?”

दाजींनी माईक पुढच्या प्रश्नाकडे वळवला. पहिल्या रांगेतून ताई उठली आणि म्हाताऱ्याला घेऊन बाहेर पडली. तिच्यामागून मी, उशिरा का होईना.

दुसऱ्या दिवशी मी अख्खं बोलणं नातीच्या फोनवर पाठवलं. म्हातारा आता येणाऱ्या-जाणाऱ्याला पायरीवर बसवून ते ऐकवतो. निष्ठा नाही म्हणून दाजींनी मला काढलं. ताई त्यांच्याशी भाजी-दुधापुरतं बोलते.

दाजी मात्र मजेत आहेत. माहितीपट निवडणाऱ्या समितीवर त्यांची नेमणूक झालीय. कॉलेजांतून ‘कॅमेरा आणि सत्य’ यावर व्याख्यानं देतात. पोरं टाळ्या वाजवतात, आणि दाजी मफलर सावरत खाली बघतात, जणू लाजच वाटतेय.