गोदाकाकूंचा कोंबडा आणि माझा पश्चात्ताप

चर्चच्या पाळकांनी सांगितलेलं मी आयुष्यात एकदाच तंतोतंत आचरणात आणलं. त्यानंतर घरच्यांनीच मला मनाई केली.

सत्तर सालच्या आसपासची गोष्ट. मी नागपुरात शाळामास्तर होतो. इंदोऱ्याकडे एकाच अंगणाभोवती तीन बिऱ्हाडं होती: आमचं, शेजारी गोदाकाकूंचं आणि समोर यमुनाबाईंचं. त्या रविवारी पाळक सांगत होते, अर्पण द्यायला आलात आणि शेजाऱ्याच्या मनात आपल्याविरुद्ध काही आहे हे आठवलं, तर अर्पण तिथंच ठेवा, आधी जाऊन समेट करा. हे मी दरवर्षी ऐकत होतो. पण त्या दिवशी अर्पणाची थैली माझ्या रांगेत आली आणि मला गोदाकाकूंचा तांबडा कोंबडा आठवला.

झालं होतं असं. दोन वर्षांपूर्वी नाताळसाठी मी कळमेश्वरच्या बाजारातून एक तांबडा कोंबडा आणला. तो टोपलीखालून निसटला. मी अंगणभर धावून त्याला पकडलं, आणि नाताळच्या दुपारी आम्ही पोटभर जेवलो. हात धुवायला बाहेर आलो, तर आमचा कोंबडा न्हाणीमागून चालत आला. (मी त्याला नीट ओळखलं. एका पायाला माझीच सुतळी होती.)

बायको, रूथ, म्हणाली, "आत्ताच जाऊन सांगा." मी म्हणालो, "उद्या सांगतो." तोवर गोदाकाकूंनी यमुनाबाईंच्या कुत्र्यावर आळ घेतला, आणि दोघींचं बोलणं बंद झालं. ते दोन वर्षं बंदच होतं.

तर मी थैली पुढं सरकवली आणि उपासनेतून उठून तडक घरी आलो. काकू अंगणात गहू निवडत होत्या.

"काहून गा मास्तर, आज लवकर सुटली प्रार्थना?"

"नाही काकू. मी तुमची माफी मागायला आलो."

"कायची?"

"तुमचा तांबडा कोंबडा कुत्र्यानं नाही खाल्ला. आम्ही खाल्ला."

काकूंचा हात सुपातच थांबला. इतक्यात रूथ धापा टाकत आली. मी मधूनच उठलो म्हणजे पोट बिघडलं असणार, असा तिचा अंदाज होता.

"अहो, ओवा खाल्ला का?"

"ओवा नाही वं, कोंबडा खाल्ला," काकू शांतपणे म्हणाल्या. "तुले मालूम होतं?"

रूथनं माझ्याकडे पाहिलं. दोन वर्षं सांभाळलेलं गुपित मी तिला न विचारता अंगणात मांडलं होतं. तिनं मान खाली घातली.

"त्या नाताळले तुम्ही मले डबा पाठवला होता," काकूंना आठवायला लागलं. "रस्सा. मी रिकामा डबा परत द्याले आली, अन् म्हटलं, असा रस्सा मी जन्मात खाल्ला नाही."

"हो काकू."

"तो कोणाचा होता?"

पाळकांनी याच्या पुढचं काही सांगितलं नव्हतं.

काकूंनी सूप खाली ठेवलं, उठल्या आणि सरळ यमुनाबाईंच्या दारात गेल्या. मला वाटलं, आता भांडण तिन्ही घरांत पेटणार. यमुनाबाईंनी दार उघडलं. काकू उंबऱ्यापाशी अवघडून उभ्या राहिल्या.

"यमुने, तुह्या कुत्र्याचं काही चुकलं नव्हतं वं. माहंच चुकलं."

यमुनाबाई डोळ्यांना पदर लावून म्हणाल्या, "आत ये. चहा टाकून राहिली मी." आत जाताना काकूंनी त्यांचा हात धरला होता. ते बघून रूथचेही डोळे भरून आले. मलाही फार बरं वाटलं. पाळक म्हणाले होते तसंच घडलं होतं.

थोड्या वेळानं आतून हसण्याचे आवाज आले. आम्हाला मात्र चहाला कोणी बोलावलं नाही. संध्याकाळी पाळक मी मधूनच का गेलो ते विचारायला आले, आणि त्यांना सगळी हकीकत दोघींनी मिळून सांगितली, माझ्या धावण्याची नक्कल करून.

काकूंनी मला माफ केलं, अगदी मनापासून. फक्त पुढची कित्येक वर्षं मी अंगणातून गेलो की त्या कोंबड्या मोजायच्या. मोठ्यानं.