एडिथबाईंचं शेवटचं वाक्य

एडिथबाई रोज संध्याकाळी लिपस्टिक लावून फोनशेजारी बसत. नाटकं सुरू व्हायची वेळ टळली, की उठून तोंड धूत आणि सूप गरम करायला घेत. लंडनच्या कडेला, पिनरला, त्यांची आणि आमची भिंत एकच. मला वाटे, म्हातारीकडे कुणी येणार असेल. कुणी येत नसे.

ती जुनी सवय होती. उमेदीच्या काळात बाई लंडनच्या एका थिएटरात अंडरस्टडी होत्या. मुख्य नटीची भूमिका तोंडपाठ करून तयार राहायचं. ती आजारी पडली, तरच थिएटरातून फोन येणार आणि आपण उभं राहायचं. "मेलीला साधी शिंकसुद्धा आली नाही कधी," त्या सांगत. पुढे सिनेमात त्यांनी चहाचे ट्रे आणले, दारं उघडली. टीव्हीवरच्या हॉस्पिटलांत त्या हमखास खाटेवर. "इतक्यांदा मेलेय, डियर, की खरं मरण आलं तरी रीटेक मागीन."

शतक नुकतंच उलटलं होतं. मी डिपेंडंट व्हिसावर आलेली. नवरा अंधारात रीडिंग गावी नोकरीला जाई, अंधारात परते. पुण्याला बोलायचं तर फोनकार्ड खरवडायचं. मग दुपारी पोहे घेऊन मी बाईंकडे जाई आणि त्या मला स्वयंपाकघरात ती भूमिका करून दाखवत. रिकाम्या होत चाललेल्या घरातली विधवा. बटाटे सोलता सोलता बाई ताठ होत, आवाज बदले आणि माझ्या अंगावर काटा येई. शेवटाला मात्र त्या थबकत. प्रेक्षक नसताना नाटकाचं अखेरचं वाक्य उच्चारायचं नाही, हा तिथल्या जुन्या नटमंडळींचा नेम. तालमीत बोललं तर अपशकुन. बाईंच्या नशिबी नुसत्या तालमीच आल्या, त्यामुळे ते वाक्य त्यांच्या तोंडून कधी बाहेर पडलंच नव्हतं.

"मी आहे ना प्रेक्षक," मी म्हणे.

"तू शेजारीण. हाऊस म्हणजे अनोळखी माणसं, डियर. त्यांना आपलं काही देणंघेणं नसतं. तरी टाळी पडली, तर ती खरी."

मग वॉटफर्डला आमच्या मंडळाच्या गणपतीत करा, म्हणून मी मागेच लागले. बाई कबूल झाल्या. साडी नको म्हणाल्या, पण बांगड्या मागून घेतल्या. इतकं खूश मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं. गणपतीच्या तोंडावर त्या जिन्यावरून पडल्या आणि हॉस्पिटलात न्यूमोनियानं गाठलं. मला फार वाईट वाटलं.

शेवटच्या भेटीत त्यांनी लिपस्टिक मागितली. मीच लावून दिली. खाटेभोवती पडदा ओढलेला होता. बाईंनी शेवटचा प्रवेश सुरू केला. त्या कुडीत एवढा आवाज कुठून आला, कुणास ठाऊक. नेहमीच्या जागी त्या थांबल्या.

"हाऊस कसंय?"

"फुल्ल," मी थाप मारली.

त्यांनी दम घेतला. "आता कुणी यायचं राहिलं नाही. दार लावून घे."

मला टाळी वाजवायची होती, पण त्यांनी माझा हात घट्ट धरला होता. तेवढ्यात पडद्यापलीकडच्या खाटेवरून टाळ्या ऐकू आल्या, सावकाश, थकलेल्या हातांच्या. कोण होतं, मी पाहिलं नाही. बाईंनी तिकडे वळून मान लववली.