एर्सिलियाचं तोंड, माझा आवाज

एर्सिलिया ताम्बुरिनीला तुम्ही पाहिलंय, नाव आठवणार नाही एवढंच. दुसऱ्या महायुद्धानंतर दहा-बारा वर्षं रोममध्ये जे सिनेमे निघाले, त्यांत कोळीण, घरमालकीण, ऊर बडवणारी शेजारीण दिसली की समजा तीच. आणि ऐकू आली असेन ती मी, दिर्चे. आमच्याकडे शूटिंगला आवाज धरतच नाहीत. मागाहून अंधाऱ्या खोलीत पडद्याकडे बघत कुणीतरी तो भरतं. एर्सिलियाची बोली डोंगराकडची, आलात्री गावची. "बकरी ओरडतेय," असं पहिलाच दिग्दर्शक म्हणाला, आणि तिच्या एकोणीस सिनेमांत मी बोलले. माझं पोट त्यावर चाललं, खोटं कशाला सांगू?

तिला मात्र ते फार सलायचं. सिनेमा आलात्रीला लागला की तिची आई नटूनथटून पहिल्या रांगेत, आणि मग विचारणार, "तोंड तुझं, पण बोलणारी ती बया कोण?"

छप्पन्न साली मात्तेउच्ची नावाच्या दिग्दर्शकाच्या सिनेमात तिला तुरुंगाच्या दारातल्या आईचं काम मिळालं. सहा वाक्यं. ती सकाळी बदलली, दुपारी पुन्हा बदलली, तिच्या तोंडी बसेनात. शेवटी मात्तेउच्ची वैतागला, "काहीही बोल गं बाई, नुसतं तोंड हलव. दिर्चे भरेल मागाहून." मग तिने नेहमीचंच केलं. आकडे म्हटले. एकवीस, बावीस, तेवीस, डोळ्यांत पाणी आणून. सेटवर निम्मे जण असंच करायचे.

महिन्याभराने तो तुकडा पडद्यावर बघून मात्तेउच्चीच्या मनात काय आलं कोण जाणे. म्हणाला, "हिला स्वतःलाच बोलू दे. मंगळवारी सकाळी तासभर देतो. नाही जमलं तर दिर्चे आहेच."

सोमवारी एर्सिलिया माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसली. पुढ्यातली कॉफी गार झाली तरी तिचं लक्ष नाही.

"अगं, आकडे म्हटलेत मी! ओठ म्हणतायत सत्तावीस. त्यावर 'माझ्या लेकाला सोडा' कसं बसवू? आणि आईला कळवून बसलेय, या खेपेला माझाच आवाज म्हणून."

"एवढी घाई कुणी सांगितली होती?"

"तू शिकव ना."

"वा! माझ्याच पोटावर पाय द्यायला मीच शिकवू?" म्हणाले खरी, पण दिवे लागेपर्यंत तिच्याकडून घोटून घेतलं. तिचे ओठ कुठे मिटतात, श्वास कुठे घेते, हे तिच्यापेक्षा मला जास्त पाठ होतं.

मंगळवारी आवाज भरायच्या खोलीत पडद्यावर तोच तुकडा पुन्हा पुन्हा फिरायला लागला. पहिल्या वेळी ओठ चालू आणि ही गप्प. दुसऱ्या वेळी ओठ मिटले तरी हिचं चालूच. तिसऱ्या वेळी मधलं वाक्यच विसरली. मात्तेउच्ची सारखा घड्याळ बघत होता, आणि त्याने घड्याळ बघितलं की मीच "अजून एकदा" म्हणायचे. तिची जागा मला मिळणार होती, तरी! राहवेना, तशी मी जाऊन तिचं कोपर धरलं आणि शब्दाशब्दाला दाबत गेले. पाचव्या वेळी बसलं. ओठ न् ओठ. तिच्या त्या खरखरीत डोंगरी आवाजात, "सोडा हो त्याला, त्याने काही नाही केलं." माझ्या अंगावर सर्रकन काटा आला.

दिवे लागले. ती हसत होती. मात्तेउच्चीने तुकडा पुन्हा ऐकला.

"ओठ जुळले. पण आवाज हिचा वाटत नाही."

"हिचा नाही तर काय माझ्या आजीचा?" मी उसळलेच.

"दिर्चे, अठरा सिनेमे लोकांनी हिला तुझ्या आवाजात ऐकलंय. आता हा ऐकला तर थिएटरात हसतील. तू घे."

"मी नाही घेणार."

एर्सिलियाने रुमालाने मानेवरचा घाम पुसला. "घे गं. दहाच मिनिटं उरलीत."

मी माइकपुढे उभी राहिले. पहिल्याच वेळी बसलं. खोलीच्या काचेपलीकडे एर्सिलिया जाऊन उभी होती, आणि माझ्या आवाजावर तिचे ओठ बरोबर हलत होते.