आत्यांचं 'म्हाग'

आत्या म्हणजे माझ्या सासूबाई. आमच्याकडं सासूला आत्या म्हणायची रीत आहे. लग्न होऊन मी कागलहून उचगावात आले आणि चौथ्या की पाचव्या दिवशीच आत्या मला घेऊन लक्ष्मीपुरीच्या बाजारात गेल्या. मेथीवाल्या बाईनं पेंडीचा दर सांगायचा अवकाश, आत्या म्हणाल्या, "म्हाग." मेथीकडं अजून बघितलंसुद्धा नव्हतं.

माझे वडील शाळामास्तर. दुकानदार सांगेल तो आकडा मुकाट्यानं काढून देणारे, आणि वर त्याचेच आभार मानणारे. त्यामुळं मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी या बाईंबरोबर आलेलीच नाही असं दाखवत पलीकडच्या पाटीतली वांगी न्याहाळत उभी राहिले. तोवर इकडं मेथीवाली हसत होती. "म्हाग कुठलं मावशी, पहाटं चारला उठून उपटल्यात पेंड्या," असं ती म्हणाली, मग आत्यांनी तिच्या लेकीच्या बाळंतपणाची चौकशी केली, तिनं आमच्या म्हशीची केली, आणि दोन रुपये कमी होऊन मेथी पिशवीत आली.

पुढं वर्षभरानं मला कळलं की ही तक्रार नव्हेच. लोक भेटल्यावर रामराम घालतात, तसं आत्या 'म्हाग' म्हणत. एकदा ताप अंगावर काढून त्या बाजारात गेल्या आणि काही न बोलता पैसे काढून दिले, तर मेथीवाली घाबरून म्हणाली, "मावशी, बरं न्हाय व्हय?"

तरी प्रत्येक वेळी त्याचा अर्थ एकच नसे. नुसतं 'म्हाग' म्हणजे बोलायला सुरुवात. 'लई म्हाग' म्हणजे वस्तू मनात भरली आहे आणि बाजाराला एक फेरी मारून आत्या परत इथंच येणार आहेत. लग्नातली पैठणी, देव्हाऱ्यातली चांदीची समई यांना त्या 'म्हागाचं' म्हणत, तेव्हा आवाज आपोआप खाली येई. नातवंडं पाण्याच्या टाकीवर चढली की, 'म्हागात पडंल हं' अशी आरोळी. मी घरी ब्लाउज शिवते. माझी शिलाई ऐकून एखादं गिऱ्हाईक 'महाग' म्हणालं की माझं टाळकं फिरतं. अशा वेळी आत्या आतून म्हणत, "म्हणंना का. पुढच्या खेपंला हितंच येती बघ." आणि ती बाई यायचीच.

या घरात आणखी एक रीत होती, ती मामंजींनी घातलेली. मामंजी म्हणजे सासरे. ते साखर कारखान्यात होते. आता ते नाहीत. त्यांना वस्तू आणायची भारी हौस, पण पुरी किंमत सांगितली की आत्या ती वस्तू वापरायच्या नाहीत, कपाटात ठेवायच्या. म्हणून मामंजी प्रत्येक वस्तूची किंमत निम्मी सांगत. मिक्सर निम्म्यात, पंखा निम्म्यात, आत्यांच्या चपलासुद्धा निम्म्यात. मी घरात नवी असताना त्यांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "पोरी, हितं काय बी आणलंस तर निम्मं सांगायचं." त्यांच्या माघारी ही रीत माझ्या नवऱ्यानं आणि मी इमानेइतबारे चालवली. मला मनातून हसू यायचं. निम्म्या किमती ऐकून ऐकून आत्यांना बाजारातला खरा दर नेहमीच दुप्पट वाटत असणार, मग त्या महाग म्हणणार नाहीत तर काय, असं मी नवऱ्याला म्हणायची.

मग आत्यांचा कान गेला. एकदम नाही, हळूहळू. आधी त्यांचं म्हणणं, आजकाल सगळी माणसं तोंडातल्या तोंडात पुटपुटतात. मग टीव्हीचा आवाज वाढला. मग एका संध्याकाळी त्या डेअरीत दूध घालायला गेल्या असताना तिथल्या माणसानं त्यांचा नंबर तीनदा पुकारला आणि यांना कळलंच नाही. मागं उभ्या असलेल्या दोघी-तिघी हसल्या. हसणं ऐकू आलं नाही, पण दिसलं. दुसऱ्या दिवसापासून किटली माझ्या हातात आली.

डेअरी म्हणजे नुसतं दूध घालायची जागा नव्हे. कुणाची म्हैस व्याली, कुणाची सून माहेरी गेली, कुणाला किती फॅट लागली, हे सगळं तिथं कळतं. आत्यांचं अर्धं आयुष्य त्या कट्ट्यावर गेलेलं. ते सुटलं आणि त्या गप्प झाल्या. बाजारातही येईनात. भाव ऐकूच आला नाही तर महाग कशाला म्हणायचं? एके दुपारी मी शिवत बसले होते आणि त्या दारात तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "चार शब्दाला म्हाग झालो बग मी." आमच्याकडच्या बायका 'झालो, गेलो' असंच बोलतात. घासाला महाग झालेली माणसं मी ऐकून होते. शब्दाला महाग झालेलं माणूस माझ्या घरात बसलं होतं आणि मी मशीनचं पायडल मारत होते. मला स्वतःची लाज वाटली.

त्या आठवड्यात मी त्यांना कोल्हापुरात डॉक्टरांकडं नेलं. त्यांनी कानाचं यंत्र सुचवलं, एका कानाला, अठ्ठावीस हजारांचं. पिको-फॉलचं नवं मशीन घ्यायला मी पैसे साठवत होते. दोन वर्षं गिऱ्हाइकांची कुरकुर ऐकून साठवलेले. ते काढले. काढताना जीव तुटला नाही असं म्हणणार नाही, तुटला. पण आत्यांना सांगायचं किती? निम्मे म्हणजे चौदा हजार, तेही ऐकून त्यांनी यंत्र दुकानात परत पाठवलं असतं. मी रीत मोडली आणि सरळ सांगितलं, "बाराशे."

"म्हाग," आत्या म्हणाल्या, आणि कानात घालून घेतलं.

पहिले दोन दिवस त्या घरभर कान देत फिरल्या. फ्रिज गुरगुरतो हे त्यांना नव्यानं कळलं. स्वतःच्याच बांगड्या वाजवून बघितल्या. गोठ्यात जाऊन म्हशीच्या तोंडाजवळ उभ्या राहिल्या आणि तिचं रवंथ करणं ऐकून मला हाक मारली, "ये गं, ऐक की." तिसऱ्या दिवशी किटली माझ्या हातातून काढून घेतली. डेअरीतून परत यायला तासभर लागला. आल्या आणि तोंडाचा पट्टा सुरू झाला तो जेवण होईपर्यंत. मी पोळ्या लाटताना रडत होते, सुखानं.

पंधरा दिवसांनी बघते तर कान रिकामा.

"आत्या, यंत्र कुठाय?" मी ओरडून विचारलं.

"अक्काला दिलं."

अक्का म्हणजे गल्लीच्या टोकाच्या किराणा दुकानवाल्या. घरात कानडी बोलतात, आमच्याशी मराठी. आत्यांपेक्षा चार वर्षांनी मोठ्या, आणि त्यांच्याहून बहिऱ्या. दोघींची तीस-पस्तीस वर्षांची मैत्री, रोज दुपारी अक्कांच्या दुकानाच्या पायरीवर बसून पोसलेली.

"तिला काय बी ऐकू येत नव्हतं गं. मी एकटीच बोलत बसायचं व्हय? बाराशेचं तर हाय," असं म्हणून आत्यांनी कमरेची चंची सोडली आणि घड्या घातलेल्या नोटा माझ्यापुढं धरल्या. "मला दुसरं आण."

माझ्या डोक्यात तिडीक गेली. खरं बोलायची सोय नव्हती, कारण एक खोटं उघडं पडलं की मामंजींपासूनची सगळी उघडी पडणार. मी चपला घातल्या आणि तरातरा अक्कांकडं निघाले. यंत्र परत मागायचं, काहीतरी कारण सांगायचं, बॅटरी बदलायची आहे म्हणायचं, असं मनात जुळवत गेले.

अक्का पायरीवर बसल्या होत्या. यंत्र कानात नीट बसलं नव्हतं, मधून मधून शिट्टी मारत होतं. हातात फोन होता आणि त्या कानडीत हसून हसून बोलत होत्या. त्यांची लेक हुबळीला असते. एरवी लेकीनं चारदा ओरडून 'जेवलीस का' विचारायचं आणि दमून फोन ठेवायचा, हे मी कितीदा पाहिलेलं. त्यांनी फोन ठेवला, माझा हात धरून मला खाली बसवलं आणि म्हणाल्या, "लेकीचा आवाज घोगरा झालाय बाळ. सर्दी झालीया तिला. मला कळलं बग, नुस्त्या आवाजावरनं!"

मी त्यांनी दिलेलं ताक प्याले आणि घरी आले. बॅटरीचं नाव काढलं नाही.

पण सांगायला तर हवंच होतं. नाहीतर आत्या पुन्हा दारात तांदूळ निवडत गप्प बसणार होत्या. आणि अठ्ठावीस हजार हा आकडा ओरडून सांगितला असता तर सगळ्या गल्लीनं ऐकला असता, आता अक्कांनीसुद्धा. म्हणून मी कापड बेतायचा खडू घेतला आणि टेबलावर पसरलेल्या काळ्या कापडावर आकडा लिहिला.

आत्यांनी एकेका शून्यावर बोट ठेवलं. मग माझ्याकडं बघितलं.

"एवढं?" त्या म्हणाल्या. "मी चोवीसशे धरलं हुतं."

"चोवीसशे कसे?"

"का? तुझं मामंजी निम्मं सांगायचं, तूबी निम्मंच सांगतीस. दुप्पट करायचं मला येत न्हाय व्हय?"

इतकी वर्षं आम्ही या बाईला फसवतोय अशा समजुतीत होतो. मिक्सर, पंखा, चपला, सगळ्याची दुप्पट त्यांनी त्याच क्षणी करून ठेवलेली! मी कानाशी वाकून विचारलं, मग मामंजींना कधी बोलला का नाही?

"त्यांस्नी आणायची हौस हुती," आत्या म्हणाल्या. "खरी किंमत मला ठावं हाय म्हटलं असतं, तर आणायचं सोडलं असतं त्यांनी."

मग त्यांनी तळव्यानं कापडावरचा आकडा पुसून टाकला. "अक्काला कळाय नगं. दिल्यालं परत मागायचं न्हाय." हात झटकून त्या आत गेल्या आणि डब्यातून डेअरीच्या ठेवीची पावती घेऊन आल्या. दिवाळीला डेअरी दुधाचा फरक, म्हणजे वर्षभराच्या दरातले राहिलेले पैसे, देते. गेल्या कित्येक दिवाळ्यांचा फरक त्यांनी तिथंच ठेवला होता, स्वतःच्या दिवसकार्याला. आपल्या माघारी पोरांना तोशीस नको म्हणून. घरात सगळ्यांना ते ठाऊक होतं आणि त्या पैशाचं नाव कुणी काढत नसे.

"आत्या, हे नको," मी मान हलवली.

"मी मेल्यावर लोकं काय बोलत्यात ते मला ऐकू येणार हाय व्हय? आता ऐकतो की."

ठेव मोडल्यावर यंत्राच्या दुकानात आम्ही अक्कांनाही घेऊन गेलो, त्यांच्या कानाला ते यंत्र नीट लावून घ्यायचं होतं. ते काम आत चालू असताना दुकानदारानं आत्यांना दुसऱ्या यंत्राची किंमत कागदावर लिहून दाखवली. तोच आकडा. मी वाट बघत होते. आत्यांनी कागद वाचला, घडी घातली, पैसे मोजून पुढं ठेवले. तोंडातून शब्द नाही. बरं नाही का, असं विचारावं असं मला वाटलं.

बाहेर येऊन रिक्षाची वाट बघत उभ्या राहिलो तेव्हा त्या माझ्या कानाला लागून म्हणाल्या, "पैलं तू आणलंस, ह्ये मी. दोन मशीनं झाली की गं. निम्म्यात पडली बग तुला."

त्या बाईचे उपकार मी कसे फेडणार आहे मला माहीत नाही. पिकोचं मशीन अजून घेतलेलं नाही. घेईन, आणि किंमत निम्मी सांगेन, आणि त्या दुप्पट करतील.

त्या दिवशी रिक्षात आत्या आणि अक्का शेजारी बसल्या, प्रत्येकीच्या एकेका कानात यंत्र. तावडे हॉटेलचा चौक येईपर्यंत दोघींचं बोलणं थांबलं नव्हतं. मग अक्कांना एकदम आठवण झाली. "खरं सांग गं, केवढ्याचं हाय हे?"

आत्यांनी माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही.

"बाराशे," त्या म्हणाल्या.

"बाराशे?" अक्कांनी कानावर हात ठेवला. "म्हाग हाय की गं!"

"व्हय," आत्या म्हणाल्या, आणि माझा हात त्यांनी मांडीवर घट्ट धरून ठेवला. "म्हागच हाय."