पुढच्या काळातले त्रैमासिक

डिचोलीच्या वाचनालयात मी ग्रंथपाल होते, तेव्हा एक गृहस्थ दर तीन महिन्यांनी स्वतः हाताने लिहिलेले त्रैमासिक आणून देत. ते एका कल्पित देशातल्या कलांविषयी असे. त्या देशात काळ उलटसुलट वाहायचा, त्यामुळे अजून न बांधलेल्या देवळाच्या छतावरील चित्रांची समीक्षा त्यात यायची, तळटीपांसह. कोणी हसले तर ते चष्मा काढून "पान बारा पाहा" एवढेच सांगत.

घटकराज्य होण्याआधीच्या त्या दिवसांत घरोघरी मराठी की कोकणी हाच वाद होता. वाचनालयाचे कार्यवाह त्यांना म्हणाले, "तुमच्या देशाची राजभाषा कुठली, ते पहिल्या पानावर घाला. नाहीतर अंक मांडणीवर राहणार नाही."

त्यांनी चष्मा काढला. "तिथं तो वाद मिटून दोनशे वर्षं झाली, भाऊ. कुणाला आठवतसुद्धा नाही."

"मग न्या घरी."

त्यांनी अंक उचलला, पण घरी नेला नाही. दुसऱ्या दिवसापासून ते मांडणीशेजारी अंक उघडा धरून दिवसभर उभे राहू लागले. कोणी वाचायला थांबले की त्याच्यासाठी पान उलटत. कार्यवाह रोज म्हणत, "पुरो आता, बाबा." ते नुसती नकारार्थी मान हलवत.

आठव्या दिवशी मी नियतकालिकांची यादी नव्याने केली. तीत त्यांचे त्रैमासिक घातले आणि जागेच्या रकान्यात लिहिले: मांडणीशेजारी, उभे. यादीवर कार्यवाहांची सही लागते. ती न मागता मी यादी दाराला लावली.