नाव आधी, वजन मग

वजनकाट्याला हात लावण्याआधी ताई आईला विचारायची, "पोरीचं नाव काय?" पोर रडून लाल झालेलं असो, दारात बायका ताटकळत असोत, नाव सांगितल्याशिवाय पोर काट्याच्या झोळीत जायचं नाही. आई पुटपुटायची, "नाव नाय अजून." मग ताई पेन कानामागे खोचायची आणि फतकल मारून खालीच बसायची. "नाय ना? मंग ठेवू आपण. मला कुठं जायचंय?"

दाभोशाच्या धबधब्याच्या खालच्या अंगाला एका पाड्यावर ती अंगणवाडी चालवायची. मोठी माणसं तिला 'नाववाली' म्हणत. त्यात कौतुक कमी, वैताग जास्त. मी तेव्हा बावीस वर्षांची होते. जव्हारच्या एका मास्तरांची मुलगी, आणि एका लहानशा संघटनेची पत्रकं लिहिणारी. मी पाड्यावर गेले की हातातला कागद काढून घेऊन ती मोठ्याने वाचायची आणि माझी उद्गारचिन्हं बोटाने मोजायची. "एवढ्या काठ्या कशाला गं उभ्या केल्यास? कुंपण घालतेस का?" मी चिडायचे. पुढच्या पत्रकात आणखी दोन काठ्या घालायचे.

त्या पाड्यात मुलाने पहिला पावसाळा ओलांडेपर्यंत त्याला नाव ठेवत नसत. तोवर ते नुसतं 'बारका' नाहीतर 'बारकी'. दिवाळीच्या सुमाराला सुईण वाटीभर पाण्यात तांदळाचे दाणे सोडायची आणि घरातल्या मेलेल्या माणसांची नावं एकेक करून घ्यायची. ज्या नावाला दोन दाणे एकमेकांना चिकटले, ते माणूस परत आलं, आणि तेच त्या मुलाचं नाव. तालुक्याच्या एका बैठकीत एक साहेब म्हणाले, "हे लोक पोरांना नावंसुद्धा ठेवत नाहीत हो. इतकी बेफिकिरी!" बेफिकिरी! कणगीतली नागली संपते, रोजगार बंद होतो, नदी चढली की जीपही येत नाही. अशा दिवसांत पोरं जातात हे कचेरीत कुणाला माहीत नव्हतं, पाड्यातल्या म्हाताऱ्यांना माहीत होतं. जे पोर राहील की नाही सांगता येत नाही, त्याला नाव देऊन जीव कोण गुंतवेल?

ताईला हे सगळं कळत होतं. ती त्याच पाड्यातली होती. पण वही तिच्याकडे होती, आणि त्या वहीचं एक सत्य तिला ठाऊक होतं. "बिननावाचं पोर गेलं तं कागदावर ते आलंच नव्हतं," ती म्हणायची. "नाव असलं की खोडायला तरी लागतं. खोडलेलं दिसतं." म्हणून तिचा तोडगा असा, की दाण्यांचं नाव दिवाळीला जुळवा, मी मध्ये येत नाही, वहीचं नाव मात्र आज.

वहीच्या नावांसाठी तिच्याकडे एक पुस्तिका होती, जव्हारच्या एस. टी. स्टँडवर घेतलेली. डाव्या रांगेत नावं, उजव्या रांगेत अर्थ. उजवी बाजू वाळवीने खाल्लेली. ताई अर्थावाचूनच नावं वाटायची, कानाला गोड लागेल ते. तिच्यामुळे त्या पाड्यात ऋतुजा आली, सायली आली, श्रुती आली. ज्या बायकांना स्वतःची सही येत नव्हती त्या 'ऋतुजा' म्हणताना जीभ दाताखाली धरून सराव करायच्या आणि हसून हसून एकमेकींच्या अंगावर पडायच्या.

'तन्वी' मात्र पुस्तिकेतून आली नाही. जव्हारला पोलिओच्या डोसच्या दिवशी एका डॉक्टरांनी आपल्या मुलीला हाक मारली, "तन्वी, इकडे ये." ताईने वळून पाहिलं. फुगलेले गाल, झालरीचा फ्रॉक, दोन्ही हातांत बिस्किटं. परत येताना जीपमध्ये ताई तेवढंच बोलत राहिली. "काय गाल होते गं! चिमटा काढला तं बोट आत जाईल." त्या वर्षी पाड्यात चार तन्वी झाल्या. ज्या ज्या आईला ताई ते नाव सांगायची, तिला आधी ते गाल सांगायची. शहरात ते नाव कशामुळे गाजलं मला माहीत नाही. आमच्याकडे ते गालांवर चाललं.

आणि मी माझी अक्कल पाजळली. श्रावणातला वजनाचा दिवस होता. चौथी तन्वी झोळीत होती. ती जाणीची मुलगी, होळीला जन्मलेली. जाणी वीटभट्टीवरून भरल्या दिवसांचीच परतली होती. काटा चार किलोच्या अलीकडेच थांबला. वाढीच्या तक्त्यावर तिचा ठिपका कुपोषणाच्या शेवटच्या रेघेच्याही खाली पडला. दहावीपर्यंत संस्कृत शिकलेली मी म्हणाले, "ताई, तन्वी म्हणजे काय माहितीय का? सडपातळ. नाजूक, बारीक बाई. संस्कृतात ते कौतुकाचं आहे."

ताईने ठिपका पुरा गोल केला. मग म्हणाली, "कुठं गं कौतुक करतात बारीक असण्याचं? तिथं जेवायला भरपूर असेल." थोड्या वेळाने पुन्हा, "तुला विचारलं कुणी?" जाणी दोघींकडे बघत होती. ताई तिला म्हणाली, "तिचं नको ऐकू. तन्वी म्हणजे गालवाली. मी पाहिलीय."

भादव्यात तन्वीला जुलाब लागले. ताई आणि जाणी तिला झोळीत घालून रस्त्यापर्यंत चालत आल्या. जीप भरेना, म्हणून सुटेना. दवाखान्यात पोचल्या तेव्हा सलाईनसाठी शीर सापडत नव्हती. दुसऱ्या दिवशी दुपारी तन्वी गेली. परतल्यावर जाणीची सासू, जी पाड्याची सुईणही होती, ताईच्या अंगावर धावून गेली. "तू नाव ठेवलंस! नाव ठेवून दाखवलीस त्या काळाला! नुसती बारकी असती तं रडलो असतो नि कामाला लागलो असतो. आता हिला हाका मारत बसायचं?" जाणी ओट्यावर बसून खरोखरच हाका मारत होती.

आठवड्याने सुपरवायझर बाई आल्या. मी तिथेच होते. त्यांनी वही उघडली आणि तन्वीच्या नावावर बोट ठेवलं. "इथं 'स्थलांतरित' लिहा."

"म्याडम, ती मेली."

"वर मी काय सांगू? तुमच्याकडे या महिन्यात आधीच एक आहे. स्थलांतरित लिहा, विषय संपला."

"चार किलोची पण नव्हती, म्याडम. एकटी कुठं जाणार स्थलांतराला?"

बाई उठल्या. जाताना म्हणाल्या, "बाकीच्या सेविका 'बाळ' म्हणून लिहितात, त्यांना हा त्रास होत नाही." ताईने त्यांच्यादेखत तन्वीच्या नावापुढे 'मृत्यू' लिहिलं, तारीख घातली, खाली सही केली. महिनाभरात तिला कामावरून काढलं. कारण दिलं, 'नोंदवह्या नीट नाहीत.'

मी पत्रक लिहायला घेतलं. मथळा मला फार आवडला होता: 'तन्वी म्हणजे सडपातळ! सरकारने अर्थ खरा केला!' ताईला वाचून दाखवला. ती चुलीसमोर बसली होती. तिने कागद घेतला, मथळ्यावर आडवी रेघ मारली. "तिच्या नावाची गंमत नको करू. लोक 'वा' म्हणतील तुला. नाव लिही, आईचं लिही, वजन लिही, जीप किती वेळ थांबली ते लिही. बास." मी तसंच लिहिलं. एकही काठी न लावता. माझ्या सगळ्या पत्रकांत तेवढं एकच पत्रक खोडून टाक म्हणून सांगायला कचेरीतला माणूस घरी आला.

त्यानंतर ताई रोजगार हमीच्या रस्त्यावर खडी फोडायला जाऊ लागली. दोन पावसाळे खोकत काढले. मी खोडाळ्याच्या बाजारातून तिच्यासाठी औषध आणायचे, ती ते शेजारच्या पोराला द्यायची. शेवटी शेवटी तिचा आवाज गेला होता. कुणी बाई मूल घेऊन दारात आली की ती हाताने खूण करायची: नाव? बाई सांगायची. ताई मान हलवायची. ती गेली तेव्हा मी ठाण्याला मोर्चात घोषणा देत होते. मला दोन दिवसांनी कळलं. याबद्दल मला कुणी काही म्हणालं नाही, पण मी स्वतःला म्हणते.

पुढच्या साली जाणीला पुन्हा मुलगी झाली. सासूने दिवाळीची वाट पाहिली नाही. पाचव्या दिवशीच वाटी घेऊन बसली. जाणीने मला हे सगळं नंतर सांगितलं. सासऱ्याचं नाव घेतलं, दाणे सुटे. आजीचं घेतलं, सुटे. मग जाणी म्हणाली, "तन्वी म्हणा." बिननावाची पोरं आजवर कधीच परत बोलावता आली नव्हती, कारण बोलावणार काय म्हणून? म्हातारीने शेवटी हळूच म्हटलं, "तन्वी." दाणे जुळले. जाणी म्हणते, म्हातारीने वाटी हलवली होती.

पावसाळ्यात मी वजनाच्या दिवशी पाड्यावर गेले. नवी सेविका होती, तरुण, कामाच्या ओझ्याने वाकलेली. तिने वहीत लिहिलं, 'जाणीचं बाळ', आणि हात पुढे केले. "घाला झोळीत."

जाणीने पोर छातीशी धरलं. "नाव लिवा आधी."

"बघू हो पावसाळा झाल्यावर. मागं रांग आहे."

"मला कुठं जायचंय?" जाणी म्हणाली आणि फतकल मारून खाली बसली. रांगेतल्या बायकाही एकेक करून बसल्या. सेविकेने माझ्याकडे पाहिलं, मीही खाली बसले. मग तिने 'बाळ' खोडलं आणि वर नाव लिहिलं.

त्यानंतर जाणीने पोर झोळीत ठेवलं. काटा कुठे थांबला ते मी इथे लिहीत नाही. ते वहीत आहे, तन्वीच्या नावापुढे. जाऊन बघा.