अप्पांची सहा मिनिटं

"फिट हाय मी. लिव तुझ्या वहीत," अप्पा म्हणाले. मी लिहिलं.

मी सुनंदा, गावातली आशाताई, म्हणजे आरोग्य खात्याची स्वयंसेविका. कोरोनाचे पेशंट घरीच ठेवलेले होते, रोज त्यांच्या दारात जाऊन बघायचं हे माझं काम. अप्पा म्हणजे रिटायर सुभेदार, माझे चुलत सासरे. रिपोर्ट पॉझिटिव्ह. बोटाला ऑक्सिमीटर लावला, म्हणजे रक्तातला ऑक्सिजन दाखवणारा चिमटा. पंच्याण्णव. छान.

खरं तर एवढ्यावर थांबायचं नसतं. पेशंटला सहा मिनिटं चालवायचं आणि पुन्हा आकडा बघायचा. बसल्यावर लपलेला आजार चालल्यावर उघडा पडतो. हे मी स्पीकरवरून गावभर सांगितलेलं. आवाज माझा असा, की म्हशी बिचकायच्या. पण सासऱ्याला 'उठा, चाला' कसं म्हणायचं? लग्नाला तीस वर्षं झाली, अजून त्यांच्यासमोर मी खुर्चीवर बसलेली नाही. त्यामुळं तीन दिवस बसल्याजागचा आकडा लिहून मी गपचूप परत.

त्या तिसऱ्या दिवशी मालनआत्ती, त्यांची बायको, माझ्यामागं फाटकापर्यंत आल्या.

"सुनंदा, सकाळी पाण्याची मोटार बंद पडली. ह्यांनी कुणाला एक शिवी दिली न्हाई गं. मला लय भ्या वाटतंय."

मी मागं फिरले. "अप्पा, सहा मिनिटं चालावं लागतंय."

"तू मला परेड शिकवणार व्हय?"

"मी पण चालते संगं."

अंगणात निघालो. अप्पा ताठ, हात हलवत. मी दोन मास्क लावून, धापा टाकत, लांबून मागं.

"आदी तुझं बघ. तूच पडशील," ते म्हणाले. पण चौथ्या मिनिटाला त्यांनीच भिंतीला हात टेकला. चिमटा लावला. सत्त्याऐंशी. मशीन बिघडलं असेल म्हणून पुसून माझ्या बोटाला लावला. अठ्ठ्याण्णव.

डॉक्टरांना फोन केला.

"ताई, काल चालल्यावर किती होतं?"

मी वहीचं मागचं पान उघडलं.

"परवा?"

"सासरे आहेत, सर."

"पेशंट आहेत, ताई. ॲम्ब्युलन्स पाठवतो."

पंधरा दिवसांनी अप्पा घरी आले. निम्मे झालेले, पण स्वतःच्या पायांनी.

"पैल्याच दिवशी चालवायचं हुतंस," मला म्हणाले.

"चालला असता का?"

"न्हाई."

तेव्हापासून नात्यातला पेशंट असला की मी आधी चालवते, मग ख्यालीखुशाली. रजिस्टरात अप्पांच्या पहिल्या दोन दिवसांचे 'चालल्यानंतर' हे रकाने रिकामेच आहेत. तपासणीला मॅडम आल्या, की ते पान मी जरा लवकर उलटते.